माहेरचे सामने

लेकीच्या घरी उतरलो त्या रात्री झोप काही येईना. शरीर आयोवा सिटीत आणि झोप कोल्हापुरात, असा प्रकार. पाणी प्यायला उठलो, तेव्हा फ्रिजच्या दारावर तो कागद दिसला. ऑगस्ट २०२३ ते फेब्रुवारी २०२४, महिन्यांचे चौकोन, चौकोनांत बारीक अक्षरं, आणि त्यांतले बरेच चौकोन पिवळेधमक रंगवलेले. आमच्याकडे कॅलेंडरवर अशा खुणा दुधाच्या खाड्यांच्या असतात. एवढे खाडे बघून मला त्या परक्या देशातल्या दूधवाल्याची काळजी वाटली.

सकाळी जावयांनी खुलासा केला. विद्यापीठाच्या झाडून सगळ्या संघांची वेळापत्रकं त्यांनी एका कागदावर उतरवून काढली होती. फुटबॉल, सॉकर, हॉकी, व्हॉलीबॉल, कुस्ती, मुलींचं बास्केटबॉल, मुलांचं बास्केटबॉल. पिवळे चौकोन म्हणजे होम गेम. बिनरंगाचे ते अवे.

"होम गेम म्हणजे घरातले खेळ?" हिनं कोथिंबीर निवडता निवडता विचारलं. "पत्ते, सापशिडी?"

"नाही आई, आपल्या गावात होणारा सामना. अवे म्हणजे दुसऱ्यांच्या गावात जाऊन खेळायचं."

ही दोन काड्या निवडेपर्यंत गप्प राहिली. मग म्हणाली, "म्हणजे माहेर आणि सासर म्हणा की."

त्या दिवसापासून होम गेम हा शब्द त्या घरातून हद्दपार झाला. शनिवारी कुठला? माहेरचा. पुढच्या आठवड्यात? सासरचा, काही खरं नाही. जावई तर ऑफिसच्या फोनवरही एकदा 'माहेर गेम' म्हणून गेले आणि पलीकडच्या माणसाला ते कुठल्याशा नव्या स्पर्धेचं नाव वाटलं.

आता रीतीनं बघायला गेलं तर आम्ही दोघंही तिथे सहा महिने सासरचाच सामना खेळत होतो. माझी आजी लेकीच्या दारात जायची, पण तिथलं पाणी प्यायची नाही. आणि तिचा हा नातू तेवीस-तेवीस किलोच्या चार बॅगा घेऊन, व्हिसाच्या शिक्क्यानं दिलेला एकेक दिवस वसूल करायला लेकीच्या घरी मुक्कामी आला होता. बॅगांत भडंग होतं, कांदा-लसूण चटणी होती, गूळ होता. लेकीनं पहिली बॅग उघडल्यावर आधी वास घेतला, मग रडली, मग भडंगाचा पुडा फोडला. तिच्या दृष्टीनं माहेरच मापात बसवून, वजन करून विमानात चढवलेलं होतं.

आयोवा सिटी हे तसं लिहिणाऱ्या-वाचणाऱ्यांचं गाव. युनेस्कोनं २००८ साली त्याला साहित्यनगरीचा मान दिला. आपले दिलीप चित्रे सत्तरच्या दशकात इथल्या आंतरराष्ट्रीय लेखक उपक्रमात राहून गेले. त्यामुळे जाताना माझ्या मनात कवितावाचनं होती. ती झालीही, पण शनिवार सोडून. शनिवारी त्या गावात कवीसुद्धा काळे-पिवळे कपडे घालून रस्त्यावर असतो.

गावची वस्ती ७५ हजारांच्या आसपास, आणि विद्यापीठाच्या किनिक स्टेडियमात माणसं मावतात ६९ हजारांहून जास्त. मैदानाच्या पायऱ्यांवर जवळजवळ गावाएवढं दुसरं गाव बसतं. त्याचं कारण सोपं आहे. आयोवा राज्यात मोठ्या व्यावसायिक लीगचा एकही संघ नाही. मग सगळ्या राज्याची माया जाते ती या विद्यापीठाच्या पोरापोरींवर. मक्याच्या आणि सोयाबीनच्या शेतांतून दोन-दोन, तीन-तीन तास गाडी हाकत माणसं येतात. संघाला हॉकआइज म्हणतात. गावातल्या दुकानांच्या पाट्यांपासून आजीबाईंच्या कानातल्यांपर्यंत सगळीकडे संघाच्या ससाण्याचं तोंड.

मला हे वेड समजायला वेळ लागला नाही. कोल्हापूरच्या माणसाला फुटबॉलचं वेड काय शिकवायचं? पण आमच्याकडे एक गोष्ट नाही, ती मला तिथे गेल्यावर लक्षात आली. पाटाकडील तालीम असो, शिवाजी तरुण मंडळ असो की खंडोबा तालीम, सगळ्यांचं मैदान एकच, शाहू स्टेडियम. पेठ वेगळी, मैदान सामाईक. त्यामुळे माहेर-सासर हा भेदच नाही. सगळे घरचेच, म्हणून भांडणंही घरच्यासारखी, मनापासून.

त्यात पुन्हा फुटबॉल या शब्दाचा घोळ. आम्ही पायानं खेळतो, त्याला तिथे सॉकर म्हणतात, आणि या विद्यापीठात त्याचा संघ फक्त मुलींचा आहे. आणि ज्याला फुटबॉल म्हणतात, त्यात पायाचा उपयोग मुख्यतः पळायला. चार संधींत दहा यार्ड पुढे सरकायचं. जमलं तर आणखी चार संधी. जमेना, तर चौथ्या खेपेला चेंडूला सणसणीत लाथ घालून तो समोरच्यांना देऊन टाकायचा, जितका लांब जाईल तितका बरा. त्या हंगामात वरच्या गटातल्या सगळ्या संघांत आयोवाची चढाई यार्डांच्या हिशोबात देशात शेवटची होती. त्यामुळे लाथ घालायची वेळ वारंवार यायची. ते काम करणारा टोरी टेलर नावाचा ऑस्ट्रेलियन पोरगा मैदानात आला, की लोक असे उठून टाळ्या वाजवायचे, जणू नवरदेव मांडवात आला. देण्यातला आनंद म्हणतात तो असा. गंमत म्हणजे त्याला देशातल्या सर्वोत्तम पंटरचा, म्हणजे लाथ घालणाऱ्याचा, पुरस्कारही मिळाला, आणि संघ दहा सामने जिंकला.

घरच्या मैदानावर त्या वर्षी सात सामने झाले. त्यांतले सहा आयोवानं जिंकले. हरला तो एकच. आम्ही तिकीट काढून गेलो, तो नेमका तोच.

२१ ऑक्टोबर. मिनेसोटाविरुद्ध. सकाळपासून मेलरोज अव्हेन्यूवर जत्रा. गाड्यांच्या डिक्या उघड्या, शेगड्या पेटलेल्या, आणि हातात गदेएवढी टर्कीची तंगडी घेऊन हिंडणारी माणसं. मैदानात आरपार दिसणारी पिशवीच न्यायला परवानगी, हे लेकीनं आधी सांगितलं होतं. हिनं त्याप्रमाणे चिवडा पारदर्शक पिशवीत भरला. "दिसतोय की सगळा, शेंगदाणेसुद्धा मोजून घ्या म्हणावं." पण बाहेरचं खाणंच आत नेता येत नाही, हे कलम आम्ही वाचलं नव्हतं. मग हिनं तो चिवडा रस्त्यावरच वाटायला घेतला. एक धिप्पाड गृहस्थ, तोंडावर अर्धा काळा नि अर्धा पिवळा रंग, मूठभर चिवडा तोंडात टाकून क्षणभर स्तब्ध झाले. रंगाखालचा चेहरा तिसऱ्याच रंगाचा झाला. मग त्यांनी डोळे पुसत दुसऱ्यांदा हात पुढे केला. त्या क्षणी आमचं माहेर त्या गावात रुजू झालं असं मी मानतो.

मैदानाच्या दाराशी नाइल किनिकचा पुतळा आहे. १९३९ सालचा देशातला सर्वोत्तम खेळाडू, अभ्यासातही हुशार. १९४३ मध्ये नौदलाच्या सरावात त्याचं विमान समुद्रात पडलं, तेव्हा तो चोवीस वर्षांचा होता. पुतळ्यात खेळाचं शिरस्त्राण पायाशी ठेवलेलं आणि पुस्तकं बरोबर. आत गेल्यावर संघ मैदानात येतो तोही बघण्यासारखा. गर्जना नाही, धावाधाव नाही. दोन-अडीचशे पौंडांची पोरं एकमेकांचे हात धरून हळूहळू बाहेर येतात. "पहिलीतली पोरं रस्ता ओलांडतात तशी," ही म्हणाली.

पाहुण्या संघाची खोली मात्र गुलाबी आहे. भिंती गुलाबी, खण गुलाबी, मोरीपर्यंत सगळं गुलाबी. १९७९ पासून वीस हंगाम इथे प्रशिक्षक असलेले हेडन फ्राय मानसशास्त्र शिकलेले. गुलाबी रंगानं माणूस मवाळ होतो, असं कुठेतरी वाचून त्यांनी ही सोय केली. हिला हे फार पटलं. "सासरी असंच असतं. तोंडावर सगळं गोड, आणि पोटात काय ते आपण ओळखायचं."

पहिला डाव संपला आणि अचानक सगळं स्टेडियम उभं राहून एका बाजूला वळलं. दोन्ही संघ, पंच, बँड, सगळे. मैदानाला लागूनच विद्यापीठाचं मुलांचं इस्पितळ आहे. त्याच्या खिडक्यांशी आजारी पोरं येऊन उभी राहतात, आणि खालची सत्तर हजार माणसं त्यांच्याकडे बघून हात हलवतात. २०१७ पासूनची प्रथा. एका बाईंनी समाजमाध्यमावर सहज सुचवलं आणि पहिल्याच हंगामात ती रूढ झाली. मिनेसोटाचे लोकही हलवत होते. त्या एका मिनिटाला कुणाचं सासर नव्हतं.

लेक त्याच इस्पितळाच्या औषधविभागात आहे. एका शनिवारी कामावर असताना तिनं हे वरून पाहिलं होतं. मी विचारलं, वरून कसं दिसतं? तिनं जरा विचार केला. "आवाज काचेमुळे जेमतेमच येतो, बाबा. नुसते हात दिसतात. शेजारी एक पोरगं होतं, सलाईनचा स्टँड धरून. ते म्हणालं, एवढ्या सगळ्यांना मी एकटा कसा परत हात करू?"

हात हलवण्याचं हे एवढं पुण्य त्या दिवशी पदरी पडलं, आणि शेवटी सामना गेला तो हात हलवण्यामुळेच. आयोवा १०, मिनेसोटा १२. अखेरची दोन मिनिटंही उरलेली नाहीत. मिनेसोटानं लाथाडलेला चेंडू आयोवाच्या कूपर डीजीननं उचलला आणि कडेकडेनं ५४ यार्ड पळत तो थेट पार गेला. स्टेडियम हवेत. माझ्या शेजारच्या अनोळखी माणसानं मला मिठी मारली, हिच्या शेजारच्या बाईंनी हिला. आणि मग पंचांनी पुन्हा पुन्हा चित्रफीत बघून निकाल दिला, की चेंडू उचलण्याआधी पोरानं डावा हात हलवला होता. चेंडू घेणाऱ्यानं असा हात हलवला, तर नियमाप्रमाणे खेळ तिथेच थांबतो, मग त्याच्या मनात काहीही असो. ५४ यार्ड रद्द. सामना गेला.

"मघाशी सत्तर हजारांनी हात हलवला तेव्हा कुणी काही बोललं नाही," ही परतताना म्हणाली. यावर पंचांकडेही उत्तर नसतं.

त्या पराभवाबरोबर एक डुक्करही गेलं. १९३५ साली दोन्ही राज्यांच्या राज्यपालांनी या सामन्यावर डुकराची पैज लावली. आयोवा हरलं, आणि आयोवाच्या राज्यपालांनी जिवंत डुक्कर मिनेसोटाच्या राज्यपालांच्या कचेरीत नेऊन पोचतं केलं. त्या राज्यपालांचंच नाव डुकराला दिलेलं, फ्लॉइड. तेव्हापासून त्याची कांस्यमूर्ती, चव्वेचाळीस-पंचेचाळीस किलोची, जिंकेल त्याच्या घरी राहते. माणसं बत्तीस लाख आणि डुकरं दोन कोटींच्या वर असलेल्या राज्याला हे एक डुक्कर गेल्याचं जे दुःख झालं, ते डोळ्यांनी बघितल्याशिवाय पटायचं नाही.

पण पिवळे चौकोन फक्त शनिवारचे नव्हते. मधल्या वारांतही होते, आणि तिथे गर्दीची ही सगळी ऐट नव्हती. मला सगळ्यांत आवडलं ते हॉकीचं मैदान. अमेरिकेत हॉकी म्हटलं की बर्फावरची. आपली हॉकी तिथे फील्ड हॉकी, आणि कॉलेजांत ती मुली खेळतात. प्रेक्षक इतके मोजके, की लेकीनं तोंडं ओळखून मला कोण कुणाची आई ते सांगितलं. त्या मैदानाला क्रिस्टीन ग्रँट यांचं नाव आहे. स्कॉटलंडहून आलेल्या या बाई १९७३ पासून २००० पर्यंत विद्यापीठाच्या महिला क्रीडाविभागाच्या प्रमुख होत्या. १९७२ मध्ये 'टायटल नाइन' नावाचा कायदा झाला. सरकारी पैसा घेणाऱ्या शिक्षणसंस्थेला मुलगा-मुलगी असा भेद करता येणार नाही, असं त्यानं बजावलं. कायदा कागदावर होता. तो मैदानावर उतरावा म्हणून ज्या लोकांनी जन्म घालवला, त्यांत या बाई पुढे होत्या.

त्याचं फळ आम्हाला १५ ऑक्टोबरच्या रविवारी दिसलं. किनिक स्टेडियमात, उघड्यावर, कृत्रिम गवतावर लाकडी फळ्या टाकून मुलींच्या बास्केटबॉलचा सराव सामना. केटलिन क्लार्क नावाच्या पोरीला बघायला ५५,६४६ माणसं आली. मुलींच्या बास्केटबॉलला एवढी गर्दी आधी कधीच झाली नव्हती. बोचरं वारं सुटलेलं, चेंडू हवेत वाट चुकत होता, तरी तिनं ३४ गुण केले. माझ्या पुढच्या रांगेत गुडघ्यांवर घोंगडी घेऊन एक ऐंशीच्या पुढच्या बाई होत्या. शाळेत असताना त्या आयोवातलं जुनं सहा-सहा मुलींचं बास्केटबॉल खेळल्या होत्या. त्यात निम्म्या मुलींनी फक्त अडवायचं आणि निम्म्यांनी फक्त टाकायचं. मधली रेघ ओलांडायची नाही. "मी अडवणारी," त्या म्हणाल्या. "सगळ्या शाळेच्या काळात एकदाही बास्केटमधे चेंडू टाकला नाही." आणि केटलिननं अर्ध्या मैदानाच्या जवळून चेंडू भिरकावला, की त्या रेघेकडे बघायच्या.

हिवाळा पडला आणि खेळ छपराखाली गेले. कार्व्हर-हॉकआय अरीनात शिरलो, तेव्हा मी दारातच थबकलो. इमारत टेकडीच्या पोटात खणून बसवलेली. बाहेरून ठेंगणी दिसते, आत पाऊल टाकलं की आपण वरच्या कडेवर, आणि खाली, खोल तळाशी, कुस्तीची गादी. चहूबाजूंनी उतरत गेलेली माणसं.

"अगं, खासबाग!" मी ओरडलोच.

शाहू महाराजांनी कोल्हापुरात बांधलेलं खासबाग मैदान १९१२ सालचं. तिथेही असेच चहूबाजूंनी उतार, आणि मधे लाल मातीचा हौदा. फरक एवढाच, की खासबागेत वर आभाळ असतं आणि हलगी वाजते. इथे मातीऐवजी गादी, आणि हलगीऐवजी पंधरा हजार माणसांचा घसा. डॅन गेबल हा इथला खाशाबा. १९७२ च्या ऑलिंपिकात एकही गुण न देता सुवर्ण, आणि मग प्रशिक्षक म्हणून विद्यापीठाला १५ राष्ट्रीय अजिंक्यपदं. मी लेकीच्या कानात आमच्या खाशाबाची गोष्ट सांगत होतो. १९५२ मध्ये हेलसिंकीला जायला पैसे नव्हते, तेव्हा राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकरांनी आपलं घर गहाण ठेवून ७ हजार रुपये उभे केले. पोरगं कांस्यपदक घेऊन आलं.

"म्हणजे होम ठेवून अवे," लेक म्हणाली.

ती रात्र ९ फेब्रुवारीची, पेन स्टेटविरुद्धची. आयोवा ६, पेन स्टेट २९. एकामागून एक पोरं खाली जात होती आणि पंधरा हजारांचा घसा बसत चालला होता. आमच्या मागच्या रांगेत निळ्या जाकिटातलं एक जोडपं होतं. काळ्या-पिवळ्या भातात दोन निळे खडे. मध्यंतरात बोलणं झालं. पेनसिल्व्हेनियातून बारा तास गाडी चालवत आले होते. मुलगा संघात, पण राखीव. त्या रात्री त्याची कुस्तीच नव्हती.

"मग एवढ्या लांब?" मी विचारलं.

त्या आईला प्रश्न नीट कळला नसावा. तिनं खाली बोट दाखवलं. गादीच्या कडेला, खुर्च्यांच्या रांगेत शेवटचा, अंगात जाकीट, एक पोरगा वर बघत होता. पंधरा हजारांत त्यानं बरोबर जागा हेरली. तिनं हात केला. त्यानं, कुणी बघत तर नाही ना अशा बेतानं, मांडीवरूनच दोन बोटं हलवली.

ही बराच वेळ त्या पोराकडे बघत होती. मग लेकीच्या अंगावरची शाल उगाचच सारखी करत म्हणाली, "झालं की त्याचं माहेर."

निघायच्या आधी, १५ फेब्रुवारीला, केटलिन क्लार्कनं एनसीएए या कॉलेज-खेळांच्या राष्ट्रीय संघटनेच्या मुलींच्या बास्केटबॉलमधला सर्वाधिक गुणांचा विक्रम मोडला. कार्व्हरमधे, आमच्यापासून दोन मैलांवर. हंगामाची तिकिटं केव्हाच संपलेली. त्यामुळे तो माहेरचा सामना आम्ही खरोखरच घरात बसून पाहिला, चौघं एका सोफ्यावर, मधे भडंगाचा शेवटचा पुडा. आठवड्याभरानं विमानात बसलो. फ्रिजवरच्या कागदावर त्या दिवसाच्या चौकोनात लेकीनं 'आई-बाबा, कोल्हापूर' एवढंच लिहिलं होतं. रंग कुठला द्यायचा ते तिला ठरवता आलं नसावं.

परवा, ऑगस्टच्या शेवटच्या शनिवारी, रात्री साडेनऊला लेकीचा फोन आला. तिथे सकाळचे अकरा. नव्या हंगामाचा पहिला सामना, किनिकमधून व्हिडिओ. आमच्या घरात रेंज फक्त बाल्कनीत, म्हणून आम्ही दोघं खुर्च्या घेऊन तिथे बसलो. पहिला डाव संपला. लेकीनं फोन इस्पितळाच्या खिडक्यांकडे फिरवला. आम्ही दोघं उठलो आणि बाल्कनीतून हात हलवला. डीजीनची आठवण असल्यानं मी उजवा.

दोन मिनिटांत दाराची बेल वाजली. खालचा रखवालदार, दोन मजले चढून धापा टाकत.

"काका, बोलवलंत?"

"नाही रे. हात केला जरा."

"कुणाला?"

"पोरांना," ही आतून म्हणाली. "दवाखान्यातल्या."

तो बाल्कनीपर्यंत आला. समोर अंधार, पाण्याची टाकी आणि बंद पडलेल्या पिठाच्या गिरणीचं पत्र्याचं छप्पर. त्यानं एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा टाकीकडे. आणि मग, आपल्याकडून काही राहून जायला नको म्हणून, त्यानंही टोपी सारखी करून त्या दिशेला एकदा हात हलवला.